झारने हौसेने काढून घेतलेल्या फिल्म्स वापरूनच या बाईंनी झारचा बाजार उठवला होता

एखादी डॉक्युमेंट्री बघताना मध्येच शंभर वर्षांपूर्वीची ब्लॅक अँड व्हाईट दृश्यं येतात. माणसं जरा भरभर चालतात, राजा हात हलवतो, सैनिक खंदकातून वर चढतात. आपण म्हणतो, भारी आहे. आणि पुढे बघतो.

पण हे तुकडे आले कुठून? कुठल्या गोदामात पडले होते? त्यात दिसणारा माणूस तोच आहे हे कुणी तपासलं? आणि तासभराच्या रिळातली नेमकी हीच वीस सेकंद घ्यायची हे कुणी ठरवलं?

हे काम करणारी माणसं वेगळी असतात. आज त्यांना आर्काइव्हल प्रोड्युसर किंवा फुटेज रिसर्चर म्हणतात. सिनेमाच्या शेवटी नावं पळतात त्यात त्यांचंही नाव असतं, पण तोपर्यंत आपण टीव्ही बंद केलेला असतो.

या कामाची मुळं शोधत मागे गेलं की एक नाव हमखास येतं. एस्फिर शुब. यांनी १९२७ साली एक अख्खा सिनेमा काढला, आणि त्यातला जवळपास प्रत्येक सीन दुसऱ्याच कुणीतरी शूट केलेला होता. त्यातली बरीचशी दृश्यं तर ज्याच्या विरोधात हा सिनेमा होता, त्या झारच्याच माणसांनी काढली होती.

तर गोष्ट अशी आहे.

साहित्य शिकायला आल्या आणि कात्री हातात घेतली

एस्फिर शुब यांचा जन्म १८९४ सालचा. रशियन साम्राज्यातलं सुराझ नावाचं एक छोटं गाव, घर ज्यू. साहित्य शिकायला त्या मॉस्कोला आल्या आणि तिथेच १९१७ ची क्रांती त्यांच्या डोळ्यांसमोर झाली. झार गेला, काही महिन्यांत बोल्शेविक आले.

नवं सरकार आल्यावर शुब यांनी शिक्षण खात्याच्या नाट्यविभागात नोकरी धरली. तिथं व्सेवोलोद मेयरहोल्ड यांच्यासारख्या मोठ्या नाट्यदिग्दर्शकासोबत काम करायला मिळालं. पण १९२२ मध्ये त्या सरकारी सिनेमा संस्थेत, म्हणजे गोस्किनोमध्ये गेल्या आणि गाडीने रूळ बदलला.

तिथलं त्यांचं काम जरा विचित्र होतं.

त्या काळी रशियात स्वतःचे सिनेमे कमी आणि परदेशातून आलेले जास्त चालायचे. पण अमेरिकेचा किंवा जर्मनीचा सिनेमा जसाच्या तसा दाखवणं सरकारला परवडणारं नव्हतं. श्रीमंत हिरो, दिलदार मालक, सुखाचा शेवट हे सगळं क्रांतीच्या देशात कसं चालायचं? मग ते सिनेमे कापायचे, सीनचा क्रम बदलायचा, मधल्या पाट्या नव्याने लिहायच्या. मूकपटाचा जमाना होता, संवाद पाट्यांवरच यायचे. पाटी बदलली की कथा बदलली.

शुब यांनी असे जवळपास दोनशे परदेशी सिनेमे नव्याने कापले. फ्रिट्झ लँगच्या डॉ. माबुझे या जर्मन सिनेमावर त्या काम करत होत्या तेव्हा शेजारी बसून शिकायला एक तरुण यायचा. त्याचं नाव सर्गेई आयझेनस्टाईन. पुढे याच माणसाने बॅटलशिप पोटेमकिन काढला आणि जगभरच्या फिल्म स्कूलमध्ये एडिटिंगचा धडा त्याच्या नावाने सुरू व्हायला लागला. त्याने कात्री धरायचे सुरुवातीचे धडे गिरवले ते शुब यांच्या टेबलावर.

या नोकरीत शुब यांना एक गोष्ट पक्की कळली. तोच शॉट दोन वेगळ्या शॉटच्या मध्ये ठेवला की त्याचा अर्थ बदलतो. हसणाऱ्या माणसाच्या आधी लग्न दाखवलं तर तो आनंदी वाटतो, आणि आधी अंत्ययात्रा दाखवली तर तोच माणूस नीच वाटतो. त्याच्या चेहऱ्याला कुणी हातसुद्धा लावलेला नसतो.

झारचा कॅमेऱ्याचा नाद

आता जरा मागे जाऊ.

झार निकोलस दुसरा याला कॅमेऱ्याचं भारी वेड. मे १८९६ मध्ये मॉस्कोत त्याचा राज्याभिषेक झाला तेव्हा फ्रान्सच्या ल्युमिए कंपनीची माणसं कॅमेरा घेऊन हजर होती. याच कंपनीने त्यानंतर दीड महिन्यात, ७ जुलै १८९६ ला, मुंबईच्या वॉटसन हॉटेलात भारतातला पहिला सिनेमाचा खेळ दाखवला. म्हणजे सिनेमाचं वय तेव्हा वर्षाचंही नव्हतं आणि झार आधीच पडद्यावर पोहोचला होता.

पुढे झारने दरबारी कॅमेरामनच ठेवले. परेड, देवदर्शन, जहाजावरची सहल, मुलांचे खेळ, पाहुण्यांच्या मेजवान्या, सगळं फिल्मवर. १९१३ मध्ये रोमानोव्ह घराण्याच्या सत्तेला ३०० वर्षं झाली, तेव्हाच्या थाटामाटाच्या मिरवणुकाही फिल्मवर. आपलं वैभव पुढच्या पिढ्यांनी बघावं हा त्यामागचा सरळ हिशोब.

पुढच्या पिढ्यांनी बघितलंही. फक्त दाखवणारं कुणी वेगळंच निघालं.

तळघरातले गंजलेले डबे

१९२७ मध्ये फेब्रुवारी क्रांतीला दहा वर्षं होणार होती. शुब यांच्या डोक्यात कल्पना आली की झारची सत्ता कशी कोसळली यावर सिनेमा काढायचा. पण नट नकोत, सेट नको, मेकअप नको. त्या काळात खरोखर शूट झालेल्या फिल्म्स शोधायच्या आणि त्यातूनच गोष्ट सांगायची.

स्टुडिओतले वरिष्ठ सुरुवातीला काही खूश नव्हते. जुन्या बातमीपटांच्या तुकड्यांतून कधी अख्खा सिनेमा होतो का, असा एकूण सूर होता. आधी कुणी काही केलंच नव्हतं असं नाही. झिगा व्हर्टोव्ह यांनी १९१८ मध्ये बातमीपट जोडून क्रांतीच्या वर्षावर मोठी फिल्म काढली होती. पण तिची दृश्यं ताजी होती. शुब यांना शोधायची होती ती पडलेल्या सत्तेची, कुणालाच नको असलेली रिळं.

१९२६ च्या उन्हाळ्यात त्या लेनिनग्राडला पोहोचल्या. तिथं जे बघितलं त्यावरून कुणीही परतीचं तिकीट काढलं असतं.

फिल्म्स एका ओलसर तळघरात पडल्या होत्या. डब्यांना गंज चढलेला. ज्या थरावर चित्र असतं तो थर दमटपणामुळे पट्टीपासून सुटून आलेला. यादीत नाव आहे पण डब्यात काही नाही, असे कितीतरी प्रकार. वरून त्यांना एक कागद दाखवण्यात आला. फेब्रुवारी क्रांतीची एकही फिल्म लेनिनग्राडमध्ये शिल्लक नाही, असं त्यावर चक्क लिहिलेलं होतं. म्हणजे ज्या घटनेवर सिनेमा काढायचा तिचंच फुटेज नाही.

शुब यांनी कागदावर विश्वास ठेवला नाही.

जुन्या बातमीपटांची माहिती असलेल्या माणसांना हाताशी धरलं आणि डबा डबा उघडायला सुरुवात केली. अडचण अशी की डब्यावरचं नाव आणि आतली फिल्म यांचा मेळ बसेलच याची खात्री नसते. तारीख नाही, जागा नाही, माणसांची नावं नाहीत. चेहरे, गणवेश, इमारती, झेंडे बघून हे कोण आणि कधीचं ते ठरवायचं. आणि ही फिल्म नायट्रेटची. भडकन पेट घेणारी. एक ठिणगी पडली की खेळ खलास.

दोन महिन्यांत त्यांनी ६० हजार मीटर फिल्म बघितली. म्हणजे ६० किलोमीटर. सीएसएमटीपासून रुळाच्या कडेने ती अंथरली असती तर अंबरनाथपर्यंत पोहोचली असती. त्यातली ५,२०० मीटर त्यांनी मॉस्कोला न्यायला निवडली. साधारण बारा मीटर डोळ्यांखालून घालावी तेव्हा एक मीटर हाती.

आणि कागद खोटा ठरला. फेब्रुवारी क्रांतीचं फुटेज सापडलं. झारच्या खासगी फिल्म्सही सापडल्या.

काही फिल्म मात्र देशाबाहेर गेली होती, अमेरिकेत विकली गेली होती. मग अमेरिकेत व्यापार करणाऱ्या अमटॉर्ग या सोव्हिएत कंपनीमार्फत सुमारे दोन हजार फूट फिल्म परत विकत घेण्यात आली. त्यात लेनिनची दृश्यंही होती. आपल्याच इतिहासाचे पैसे मोजून तो परत आणायची वेळ. जगभरच्या डॉक्युमेंट्रीवाल्यांना आजही हे करावं लागतं, कारण फुटेज एका देशाचं असतं आणि हक्क दुसऱ्याच देशातल्या कंपनीकडे.

डेकवरचा नाच आणि खड्डा खणणारी माणसं

११ मार्च १९२७ ला सिनेमा आला. द फॉल ऑफ द रोमानोव्ह डायनेस्टी, म्हणजे रोमानोव्ह घराण्याचा अस्त. फायनल सिनेमात फक्त सुमारे दीड हजार मीटर फिल्म राहिली होती.

यातला एक सीन आजही फिल्म स्कूलमध्ये शिकवला जातो. जहाजाच्या डेकवर झारच्या वर्तुळातली बडी मंडळी आहेत. भारी कपडे, पांढरे गणवेश, माझुर्का नावाचा नाच चाललाय. नाचून नाचून दमतात, घाम पुसतात. आणि लगेच पुढच्या शॉटमध्ये शेतकरी मजूर खड्डा खणताना दिसतात. तेही घामाने निथळलेले.

दोन घाम. मध्ये फक्त एक कट.

मूळ कॅमेरामनने डेकवरचा नाच कौतुकाने शूट केला होता. त्याच्या दृष्टीने ती दरबारी मौज होती. शुब यांनी त्या फ्रेममध्ये काहीही मिसळलं नाही, फ्रेम खरवडली नाही, रंगवली नाही. फक्त शेजारी कोण बसणार ते बदललं. तेवढ्याने कौतुकाची फिल्म आरोपपत्र झाली.

त्यांची दुसरी खासियत म्हणजे घाई न करणं. त्या काळच्या रशियन सिनेमात भराभर कट मारायची लाट होती. शुब यांनी जुना शॉट पडद्यावर पुरेसा वेळ राहू दिला. प्रेक्षकाने कोपऱ्यातला नोकर बघावा, वाकून सलाम करणारा अधिकारी बघावा, कॅमेऱ्याकडे चोरून बघणारं पोर बघावं. त्यांच्या दृष्टीने जुनी फिल्म हा पुरावा होता, आणि पुरावा नीट बघायला वेळ लागतो.

मग हा सिनेमा कुणाचा?

सिनेमाचं कौतुक झालं. पण लगेच एक प्रश्न उभा राहिला आणि तो मानापेक्षा पैशाचा जास्त होता.

सरकारी सिनेमा कंपनी सोव्हकिनो हिच्या लेखी शुब या एडिटर होत्या. त्यांनी काही शूट केलं नव्हतं, नट नाचवले नव्हते. मग त्यांना सिनेमाच्या कर्त्याचे पैसे कशाला द्यायचे? फिल्मचे तुकडे दुसऱ्यांचे, यांनी फक्त चिकटवले, असा हिशोब लावून मानधन नाकारलं गेलं.

तेव्हा त्यांच्या बाजूने उभे राहिले ते कवी व्लादिमीर मायकोव्हस्की. त्याच वर्षी एका जाहीर चर्चेत त्यांनी या अन्यायावरून सोव्हकिनोला धारेवर धरलं.

हा वाद आजही संपलेला नाही. ६० हजार मीटर बघून त्यातून दीड हजार निवडणं हे कारकुनी काम आहे की निर्मिती? डबा कुठं असेल हे शोधणं, हा चेहरा कुणाचा हे ओळखणं, याला मजुरी म्हणायचं की अभ्यास? शुब यांच्या बाजूने उत्तर सोपं आहे. तेच डबे नऊ वर्षं तळघरात पडले होते आणि तोपर्यंत त्यातून कुणालाच सिनेमा दिसला नव्हता.

आयझेनस्टाईनशी वाजलं

त्याच वर्षी ऑक्टोबर क्रांतीचीही दशकपूर्ती होती. शुब यांनी द ग्रेट रोड हा दुसरा सिनेमा काढला, क्रांतीनंतरच्या दहा वर्षांवर. परत सगळं खरं फुटेज, लेनिनही खरा.

त्याच सोहळ्यासाठी आयझेनस्टाईन ऑक्टोबर नावाचा सिनेमा करत होते. त्यांनी विंटर पॅलेसवरचा हल्ला हजारो माणसं घेऊन नव्याने उभा केला. लेनिनच्या भूमिकेत लेनिनसारखा दिसणारा एक माणूस घेतला.

शुब यांना हे अजिबात पटलं नाही. ऐतिहासिक घटना परत घडवून दाखवली की ती वाकडी होते, ही त्यांची भूमिका. समोर आपला जुना दोस्त आहे, तो जगप्रसिद्ध झालाय, हे माहीत असूनही त्यांनी ती जाहीरपणे मांडली.

पुढे जे झालं त्यावरून त्यांचं म्हणणं किती खरं होतं ते कळतं. आयझेनस्टाईन यांनी सेट लावून शूट केलेला तो हल्ला इतका झकास झाला होता की नंतर कित्येक पुस्तकांत आणि फिल्म्समध्ये तोच १९१७ चा खरा फोटो, खरं फुटेज म्हणून वापरला गेला. प्रत्यक्षातला हल्ला सिनेमातल्याइतका भव्य नव्हता. पण लोकांच्या डोक्यात सिनेमाचाच हल्ला बसला.

म्हणजे दहा वर्षांनंतर शूट झालेला सीन मूळ घटनेच्या जागी जाऊन बसला. व्हॉट्सअॅपवर भलत्याच देशातला व्हिडिओ आपल्याकडचा म्हणून फिरतो, त्याचीच ही जुनी आवृत्ती.

शुब यांची पण एक बाजू आहे

आता न्यायाने बोलायचं तर शुब यांचा सिनेमाही काही निष्पक्ष नव्हता. डेकवरचा नाच आणि खड्डा खणणारे मजूर एकाच दिवशी, एकाच ठिकाणी शूट झालेले नव्हते. दोन्ही शॉट खरे, पण त्यांना एकमेकांसमोर उभं केलं शुब यांनी. सिनेमा सरकारी होता, क्रांतीच्या दशकपूर्तीसाठी होता आणि त्यात क्रांतीची बाजूच बरोबर ठरणार होती.

म्हणून त्यांच्या कामातून दोन गोष्टी एकदमच शिकायला मिळतात. एक, फुटेज खरं असणं महत्त्वाचं आहे. दोन, फुटेज खरं आहे एवढ्याने गोष्ट खरी ठरत नाही.

आणि ज्या सत्तेसाठी त्यांनी हे केलं, ती सत्ता त्यांच्याशी फार प्रेमाने वागली असंही नाही. १९२८ मध्ये त्यांनी टॉल्स्टॉय यांच्या जन्मशताब्दीला झार निकोलसचा रशिया आणि टॉल्स्टॉय असा तिसरा सिनेमा काढला. टॉल्स्टॉय यांचं फुटेज मोजकंच होतं, तरी तेवढ्याभोवती त्यांनी अख्खा काळ उभा केला. १९३२ मध्ये विद्युतीकरणावर बोलपट केला. त्यात कामगारांना, इंजिनिअरना माइकसमोर आणून प्रत्यक्ष जागेवर आवाज रेकॉर्ड केला. कुणी बोलताना अडखळलं तर तेही ठेवलं.

पण स्टालिनच्या काळात प्रयोगांना जागा उरली नाही. स्त्रियांच्या आयुष्यावर एक मोठा सिनेमा करायचा त्यांचा बेत होता, तो कागदावरच राहिला. त्यांचे जोडीदार राहिलेले कलावंत अलेक्सी गान यांचा स्टालिनच्या दडपशाहीत जीव गेला. १९३९ मध्ये रोमन कार्मेन वगैरे कॅमेरामननी युद्धात शूट केलेल्या फुटेजवरून शुब यांनी स्पेनच्या यादवीवर सिनेमा केला, तर ज्या पत्रकाराने त्याचा मजकूर लिहायचा होता त्या मिखाईल कोल्त्सोव्हलाच त्याआधी अटक झाली. मजकूर दुसऱ्याला लिहावा लागला.

ज्या देशात फोटोतून माणसं खोडली जात होती, त्या देशात जुन्या फिल्म जपणाऱ्या बाईला काय वाटत असेल याची आपण फक्त कल्पना करू शकतो.

युद्धाच्या काळात आणि नंतर त्या बातमीपटांच्या एडिटिंगचं काम करत राहिल्या. सप्टेंबर १९५९ मध्ये मॉस्कोत त्यांचं निधन झालं. त्याच वर्षी त्यांच्या आठवणींचं पुस्तक आलं. १९६४ मध्ये अमेरिकन अभ्यासक जे लेडा यांनी जुन्या फिल्म्समधून नव्या फिल्म्स कशा जन्मतात यावर पुस्तक लिहिलं, त्यात शुब यांना मानाची जागा मिळाली.

आज या कामाचं काय?

शुब यांची पद्धत पुढे सगळ्यांनी उचलली. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेच्या फ्रँक काप्रा यांनी नाझींनी स्वतःच्या कौतुकासाठी काढलेलं फुटेज वापरून नाझींच्याच विरोधात व्हाय वी फाईट ही मालिका केली. आपल्याकडे विठ्ठलभाई झवेरी यांनी जुनी दृश्यं आणि फोटो जमवून १९६८ मध्ये गांधीजींच्या आयुष्यावर साडेपाच तासांची डॉक्युमेंट्री उभी केली. २०१८ चा पीटर जॅक्सन यांचा दे शॅल नॉट ग्रो ओल्ड आणि २०१९ चा अपोलो ११ हे तर पूर्णपणे संग्रहातल्या फुटेजवर उभे आहेत. अपोलो ११ साठी तर अमेरिकेच्या राष्ट्रीय संग्रहात पडून राहिलेली मोठ्या आकाराची रिळं सापडली आणि चंद्रमोहीम लोकांनी नव्याने बघितली.

पण हे सगळं कधी शक्य होतं? डबा शिल्लक असेल तरच.

सावेदादा म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये मुंबईत कुस्ती शूट केली. १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले त्यांचं स्वागत शूट केलं. आज यातलं काहीही बघायला मिळत नाही. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं राहिलं, पी. के. नायर यांनी गावोगाव फिरून फाळकेंच्या सिनेमांचे उरलेसुरले तुकडे मिळवले. तरी जानेवारी २००३ मध्ये पुण्यातच आग लागली आणि नायट्रेटवरच्या कितीतरी जुन्या फिल्म्सची राख झाली. जे जळालं ते कुठलीही शुब परत शोधू शकत नाही.

आता यात एआयची भर पडली आहे. झार नाचतानाचा व्हिडिओ आज कुणीही दोन मिनिटांत तयार करेल, त्यावर ओरखडेसुद्धा जुने वाटतील असे टाकेल. त्यामुळे हे फुटेज कुठल्या डब्यातलं, कुणी काढलं, कधी काढलं हे सांगू शकणाऱ्या माणसाची किंमत वाढली आहे. परदेशातल्या आर्काइव्हल प्रोड्युसर्सच्या संघटनेने २०२४ मध्ये याच कारणासाठी डॉक्युमेंट्रीत एआय कसं वापरावं याचे नियम काढले.

तोवर आपल्यासाठी एक साधा नियम पुरेसा आहे. जुना व्हिडिओ आला की तो खरा आहे का, एवढंच विचारून थांबायचं नाही. तो कुणी काढला, कशासाठी काढला, आणि आत्ता तो कुणी, कशाच्या शेजारी आणून ठेवलाय, हेही विचारायचं.

आणि हो, पुढच्या वेळी डॉक्युमेंट्री संपल्यावर नावं वर सरकायला लागली की अर्धा मिनिट थांबा. तळघरात जाऊन डबे उघडणाऱ्या माणसांची नावं तिथंच असतात.